अवकेशी कोण?

नीरेकाठच्या रायाजी देशमुखांना तीन बायका, पण मूल एकीलाही नाही. एकदा त्र्यंबकशास्त्री वाड्यावर येऊन म्हणाले, "कोशात एक शब्द आहे, अवकेशी. म्हणजे फळ न धरणारं झाड. वांझ म्हणणं गावंढळ दिसतं, म्हणून हा सांगतो. तिन्ही बाईसाहेब अवकेशी आहेत. दसऱ्यानंतर चौथी सोयरीक करा." सुचवलेली मुलगी शास्त्रीबुवांच्याच भावाची होती.

थोरल्या सगुणाबाईंनी हे ऐकलं. नवरात्रात त्यांनी घटाशेजारी तीन परड्या मांडल्या आणि तीन वेगळ्या शेतांची माती त्यांत भरली. गहू मात्र एकाच मडक्यातले पेरले, तेही गुपचूप तव्यावर भाजून.

नवव्या माळेला सगळे देवघरापुढे जमले. एकाही परडीत कोंब नव्हता. शास्त्रीबुवा खूश झाले. "पाहा, देवीनंच सांगितलं! मातीच अवकेशी."

सगुणाबाईंनी धोंडजी या जुन्या कुळाला पुढे बोलावलं. "माती तीन शेतांची, गहू एकाच मडक्यातले. तुझ्याकडे असं झालं तर काय करशील?"

धोंडजी म्हणाला, "एक रान रुसलं तर रानाला बोल लावू, बाईसाहेब. तिन्ही रुसली म्हंजी आधी बियाणं बघाया पायजे."

रायाजीरावांचा मिशीवरचा हात खाली आला.

"शास्त्रीबुवा," सगुणाबाई म्हणाल्या, "शब्द चांगला आहे तुमचा. आता तो कुणाला लावायचा, तेवढं सगळ्यांसमोर सांगा."

"कोशात पुन्हा पाहून सांगतो," म्हणत शास्त्रीबुवा उठले. ते अजून पाहतच आहेत.