लिंपलेला कोनाडा

एका गावात घरं बांधायची एक वेगळीच रीत होती. शेजारच्या दोन घरांना मिळून एकच भिंत असायची, आणि त्या भिंतीत चुलीच्या थोडं वर गवंडी एक आरपार कोनाडा ठेवायचा. त्यात लावलेला एकच दिवा दोन्ही स्वयंपाकघरांना पुरत असे. त्यातूनच विस्तव जायचा आणि कालवणाची वाटी यायची. गावाचा नेमही होता: कोनाड्यातून जे कानावर पडेल त्याला तिथल्या तिथे उत्तर द्यायचं, ऐकून न ऐकल्यासारखं करायचं नाही. त्यामुळे कुणाला काही लपवता यायचं नाही, आणि फारसं लपवावं असंही कुणाला वाटायचं नाही.

अशाच एका भिंतीच्या दोन बाजूंना शेवंता आणि कौतिका राहत होत्या. शेवंताच्या घरी नवरा आणि लग्नाला आलेली मुलगी, मथुरा. कौतिका एकटीच होती, तिची लेक लांबच्या गावी नांदत होती. दोघींची वीस वर्षं त्या कोनाड्यातून एकमेकींशी बोलण्यात गेली.

मथुराला डाव्या कानाने ऐकू येत नसे. तिला बघायला पाहुणे येणार होते, तेव्हा शेवंता चुलीपाशी बसून नवऱ्याला म्हणाली, की ही गोष्ट आत्ताच सांगायची नाही. पाहुणे आले, पोहे खाल्ले, आणि मुलाची आई उठून मथुराच्या डाव्या बाजूला जाऊन बसली. हळूच तिने मुलीला नाव विचारलं. मथुरा समोरच बघत राहिली. स्थळ मोडलं.

आता हे पाहुण्यांना सांगितलं कुणी? शेवंताला विचारही करावा लागला नाही. बोलणं झालं चुलीपाशी आणि चुलीच्या वर होता कोनाडा. दुसऱ्या दिवशी तिने विटा आणल्या, चिखल कालवला आणि आपल्या बाजूने कोनाडा बुजवून टाकला. कौतिका दारात येऊन काय झालं म्हणून विचारू लागली, तर धूर येतो, एवढंच सांगून शेवंताने दार लोटलं.

कोनाडा बुजला, पण भिंत काही गप्प बसली नाही. पूर्वी पलीकडचे शब्द स्पष्ट यायचे. आता नुसती कुजबुज येऊ लागली. गंमत बघा, वीस वर्षं कोनाडा सताड उघडा होता तेव्हा शेवंताने कधी कान दिला नव्हता. आता मात्र ती दिवसातून दहादा भिंतीला कान लावायची. कुजबुजीतून मधेच एखादा शब्द लागायचा आणि बाकीचं वाक्य ती स्वतःच जुळवायची. पलीकडे कुणी हसलं की ते आपल्यालाच हसलं, आणि कुणी हसलं नाही तर नक्कीच काहीतरी शिजतंय. भाकरी करपू लागल्या. नवरा काही बोलला, तर तिने त्यालाच विचारलं, की तुम्ही हल्ली तिची बाजू का घेता?

ज्वारीच्या काढणीचे दिवस आले. गाव सगळं शेतावर गेलं होतं. त्या दुपारी आळीत शेवंता, मथुरा आणि पलीकडे कौतिका, एवढ्याच होत्या. एकाएकी भिंतीपलीकडे काहीतरी धपकन पडलं. थोड्या वेळाने आवाज येऊ लागला. शेवंताने कान लावला. बाकी काही कळेना, पण नाव स्वच्छ कळत होतं. शेवंता. पुन्हा शेवंता.

‘आता तर उघड उघड माझं नाव घेऊन चाललंय,’ तिच्या मनात आलं. पण तिच्याकडे आलंय कोण? समोरच्या माणसाचा आवाजच येत नव्हता. म्हणजे ऐकणारी भलतीच पोचलेली असणार, तोंडातून हूं की चूं काढत नाही.

मथुरा आत आली. “आई, कौतिकमावशी हाका मारतीय,” ती म्हणाली.

“तुला कुठलं ऐकू येतंय?” शेवंता तिच्यावर खेकसली. बोलून गेल्यावर तिला वाईट वाटलं, पण तेवढ्यात भिंतीतून पुन्हा तिचं नाव आलं. तिने मथुराला पाण्याला पिटाळलं, मुसळ उचललं आणि रिकाम्या उखळात दणादण कांडायला लागली. हात भरून आले तरी ती थांबली नाही. दिवस कलल्यावर पलीकडचा आवाज बंद झाला. चांगली जिरवली, असं म्हणत शेवंता स्वयंपाकाला लागली.

सकाळी ताक मागायला गेलेल्या बाईने आरडाओरडा केला. कौतिका माळ्यावरची लाकडं काढताना शिडीवरून पडली होती आणि मांडीचं हाड मोडून भिंतीशी तशीच पडून होती. वैद्य आला. तो म्हणाला, की जीव वाचेल, पण आदल्या दिवशीच बोलावलं असतं तर पायही वाचला असता.

बायांबरोबर शेवंताही गेली. कोपऱ्यात उभा असलेला तिचा नवरा कपाळाला हात लावून पुटपुटला, की मथुराच्या कानाचं न्हाव्याकडे दाढी करून घेताना आपल्याच तोंडून गेलं होतं. शेवंता भिंतीलगतच्या खाटेपाशी गेली, तिथे कौतिकाला निजवलं होतं.

कौतिकाने तिला बघून हात पुढे केला. “मुसळाचा आवाज येत होता गं,” ती म्हणाली. “म्हटलं, शेवंता घरात आहे. कांडण संपलं की माझी हाक जाईल तिला. त्या आवाजावर दिवस काढला बघ.”

हो म्हटलं असतं तर कुणालाच काही कळलं नसतं. शेवंताने तो हात धरला आणि तिला रडू फुटलं.

“उखळात काही नव्हतं,” ती म्हणाली. “तुझी हाक ऐकू येऊ नये म्हणून कांडत होते.”

कौतिकाने आपला हात काढून घेतला. मग बायांना म्हणाली, “माझी खाट या भिंतीपासून लांब न्या.”

खाट जड होती. ती उचलायला चार बाया लागल्या, त्यांतली एक शेवंता होती.

तात्पर्य म्हणून मुलांना सांगायचं ते एवढंच: भिंतीपलीकडचं बोलणं बंद करता येतं, पण मग त्याच्या जागी जे ऐकू येतं ते आपल्याच मनातलं असतं.