हौसाचं छप्पर

एका गावात एक भोळा जावई होता. लाजायचं कशाला, तो मीच. नाव भिवा.

माझी बायको हौसा माहेरी जाऊन बसली होती. "घरावर धड छप्पर चढल्याबिगर मी पाऊल टाकणार न्हाई," असा तिचा निरोप. तिचं बरोबर होतं. जुनं छप्पर वाळवीनं खाल्लं होतं. पण तिच्याविना मला करमेना, आणि भाकरीही थापता येईना. शेवटी सासरे बाळकू सुतार स्वतःच हत्यारं घेऊन आले. मी त्यांना मामा म्हणतो, ते मला पावणं म्हणतात. जावयाला शिवी देता येत नाही, याचा त्यांना पुढे फार त्रास झाला.

पहिल्या दिवशी मला फळी रंध्यानं तासायला मिळाली. मामा म्हणाले, "पावणं, एक बाजू पुरी झाल्याबिगर दुसरीला हात लावू नका." मी लक्षात ठेवलं.

दुसऱ्या दिवशी मामांनी दोन खांबांवर आढं चढवलं. आढं म्हणजे छपराच्या शेंड्याचं आडवं लाकूड. त्याच्यावरून दोन्ही बाजूंना वासे उतरतात. मामा खाली जेवायला बसले, तेवढ्यात मी एका बाजूचे अकराच्या अकरा वासे लावून टाकले. दुसरीला हातही लावला नाही. आढं कलंडलं आणि मामांच्या ताटापासून वीतभर अंतरावर आलं.

मामांनी घास गिळला. "पावणं, वासं जोडीनं चढवायचं असतंय. हिकडं एक चढला की समोर तसाच दुसरा. म्हंजी आढं मधी तोललं जातंय."

हे मला पटलं. तिसऱ्या दिवशी सगळे वासे जोडीनं लागले. मग मामा स्वतः एका बाजूनं वर चढले. समोर कोणीच नाही! मी घाबरलो. तसाच दुसरा कुठून आणू? तसेच एकच, मामांचे सख्खे भाऊ. तेवढंच वजन, तशाच मिशा. शेताच्या बांधाच्या भांडणावरून नऊ वर्षं दोघांचं बोलणं नव्हतं. मी त्यांना समजावून समोरच्या बाजूनं चढवलं. आढ्यावर दोघांची डोकी समोरासमोर आली. नऊ वर्षांचं बोलणं एकदम झालं. आढं मात्र मधोमध तोललेलं होतं, हे मी मामांना सांगितलंही.

मामा दात आवळून म्हणाले, "पावणं, वर मानूस असला की तुमी निस्ती शिडी धरायची. त्यो उतरस्तवर सोडायची न्हाई."

चौथ्या दिवशी मामा वर चढले, मी शिडी धरली. मामा दुपारी पलीकडून, छपराला लागलेल्या आंब्यावरून उतरून गेले. शिडीवरून कोणी उतरलं नाही, मग मी कशी सोडणार? संध्याकाळी मामा चहा पिऊन आले, तेव्हा मी तिथंच.

"पावणं," मामांचा आवाज कापत होता, "काम झालं की धरल्यालं सोडायचं! शिडी, परांची, टेकू, सगळं काढायचं. छप्पर काय जलमभर टेकूवर उभं ऱ्हातंय व्हय?"

पाचव्या दिवशी हौसा येणार होती. मी अंगण झाडलं, नवा सदरा घातला. आनंदानं मला जेवण गेलं नाही. आढ्यावर दोन्हीकडे पाय टाकून बसलेले मामा वरून ओरडले, "झालं बगा पावणं! शेवटचं कौल बसलं!"

काम झालं. मी शिडी काढली, परांची सोडली, बांबूचे टेकू काढले. नीट पाहिलं तर आढ्याखाली दोन जाड टेकू अजून तसेच होते. आणला घण. पहिला निघायला वेळ लागला. दुसरा आपणहून आला. मी कसाबसा दारातून बाहेर उडी मारली.

धुरळा बसला तेव्हा छप्पर जमिनीवर होतं आणि मामा आढ्यावरच होते. पाय भुईला टेकलेले.

"मामा, हलू नका," मी म्हणालो, "शिडी आणतो."

तेवढ्यात हौसा पेटी घेऊन अंगणात आली. मला भरून आलं. "हौसा, छप्पर पुरं झालं," मी म्हणालो.

ती आभाळाकडे बघतच राहिली. मला जरा वाईटच वाटलं. एवढा खटाटोप केला तो हिच्यासाठी, आणि ही भलतीकडेच बघतेय.

"अगं, वर काय बघतेस?" मी म्हणालो. "छप्पर इथं खाली आहे."