काठीला नाही, तिला

“पण काका, माझं चुकलं कुठं, ते तरी सांगा!”

ढोलेकाका ब्रश पुसत बसले होते. गोल्फच्या काठ्यांवर कोरलेल्या अक्षरांत रंग भरावा तर अकोल्याकडच्या या म्हाताऱ्यानं. त्याच्या नागपूरच्या ओसरीवर भलेभले चपला काढून बसायचे.

आज बसले होते परचुरेसाहेब. नुकतेच पुण्याहून बदलून आलेले. रंगातलं आपल्याला सगळं कळतं, ही ठाम समजूत. बायकोला चकित करायचं म्हणून त्यांनी तिची लाडकी काठी घरच्या गॅलरीत बसून परस्पर रंगवली. वृंदावहिनी चकित झाल्या खऱ्या, पण तेव्हापासून बोलेनाशा झाल्या. आत्ताही फाटकाबाहेर गाडीत तोंड फिरवून बसल्या होत्या. उद्या त्यांचा सामना, आणि घरात हा अबोला!

“तिचा राग जाईल असं काहीतरी सांगा. काय करू?”

“पुसा.”

एवढंच ना? साहेबांनी थिनरचा बोळा घेतला. अक्षरांबाहेर सांडलेला रंग पुसला.

“झालं?”

“पुसा ना बाप्पा.”

आता त्यांनी अक्षरांतलाही रंग टाचणीनं टोकरून काढला. कपाळावर घाम. काठी घासलेल्या तांब्यासारखी लख्ख.

“आता?”

“पुसा.”

“अहो, आता काय माझं टक्कल पुसू? उरलंय काय पुसायला!”

काका खो खो हसत सुटले. मग त्यांनी साहेबांच्या हातातला बोळा काढून घेतला आणि ब्रशाच्या दांडीनं फाटकाबाहेरची गाडी दाखवली.

“काठीले नाही हो… तिले पुसा.”

साहेब बघतच राहिले. पुण्यात पुसतात ती फरशी. काकांकडे माणसालाही पुसतात, म्हणजे विचारतात, हे आत्ता कुठं त्यांच्या डोक्यात शिरलं.

ते तसेच अनवाणी गाडीपाशी गेले. काच खाली यायला जरा वेळच लागला.

“वृंदा… तुला कुठला रंग हवा होता गं?”

“सुचलं का एकदाचं विचारायला!”

बोलल्या! नुसत्या बोलल्या नाहीत, ओसरीवर आल्या. डब्या उघडून पाहिल्या, एक उचलली, ठेवली, दुसरी नखानं ढवळून पाहिली.

“हा पोपटी.”

“पोपटी?” साहेबांचा हात कपाळाला. “अगं, लोखंडावर पोपटी कधी खुलतो का? रंगाचं एक शास्त्र असतं. त्यात…”

वहिनींनी डबी खाली ठेवली. पाय फाटकाकडे वळले.

काकांनी ब्रश साहेबांच्या ओठांसमोर आडवा धरला.

“पुसून झालं ना, साहेब? आता आयका.”