आधी डाळ शिजवून पाहा

ऐका बाळांनो, आणि मागे बसून डुलक्या काढणाऱ्या मोठ्यांनो, तुम्हीही ऐका. तुमच्या खापरपणजोबांनाही आठवणार नाही इतक्या पूर्वी एका राज्यात नदीकाठी साठ घरांचं एक गाव होतं. एका वर्षी नदी अशी कोपली की निम्मी घरं वाहून गेली. राजा म्हणाला, "पुरे झालं. गाव उंचावर हलवा."

जागा शोधायला प्रधान निघाला. प्रधान हुशार होता, फक्त आपण हुशार आहोत हे त्याला जरा जास्तच ठाऊक होतं. टेकडीच्या कुशीत पळसाच्या राईत एक झरा होता, पण पाण्यात पालापाचोळा पाहून त्याने नाक मुरडलं. वर माळावर मात्र एक विहीर सापडली. पाणी इतकं नितळ, की तळाचे खडे मोजून घ्यावेत! वैद्यांनी ओंजळभर पिऊन माना डोलावल्या. पौर्णिमेला तिथे गावाचा खांब रोवायचं ठरलं. आणि त्या राज्याची रीत अशी, की खांब एकदा रोवला की उपटायचा नाही.

त्या गावात ठकूआजी राहायची. चौदा माणसांच्या घरची आमटी ती पन्नास वर्षं करत आली होती. माळ बघायला गेली, ती येताना विहिरीच्या पाण्याची घागरच घेऊन आली. चुलीवर आधण ठेवलं, हळद आणि तेलाचा थेंब टाकला, तुरीची डाळ वैरली. लाकडांवर लाकडं सारली. डाळ आपली टणकच!

"आत्याबाई, डाळ जुनी असेल," सून म्हणाली.

"अगं, याच मडक्यातली डाळ काल नदीच्या पाण्यात लोण्यासारखी शिजली. दोष पाण्याचा आहे."

आजी तडक दरबारात गेली. "महाराज, त्या विहिरीवर गाव नको. तिच्या पाण्यात डाळ शिजत नाही."

सगळा दरबार खो खो हसला. प्रधान म्हणाला, "म्हातारे, एवढे वैद्य चुकले आणि तुझी डाळ बरोबर? वय झालं तुझं."

"झालंय ना, म्हणूनच सांगते. माळावर झाडं मोजकी. रोज दुप्पट लाकूड जाळलं तर दोन वर्षांत माळ बोडका होईल. मग साठ घरच्या पोरांनी काय कच्ची डाळ चावायची? उद्या दोन चुली मांडा, महाराज. एकीवर विहिरीचं पाणी, एकीवर झऱ्याचं. डाळ तीच, लाकूड तेच. मी खोटी ठरले, तर खांबाचा खड्डा मी स्वतः खणेन आणि पुन्हा तोंड उघडणार नाही."

राजाला तिचा ठामपणा आवडला. "मांडा चुली," तो म्हणाला.

सकाळी सगळं गाव जमलं. विहिरीच्या पाण्यावर राजवाड्याचा आचारी बसला, झऱ्याच्या पाण्यावर आजी. तिने पाणी फडक्यातून गाळून घेतलं आणि निवांत बसली. ऊन डोक्यावर यायच्या आत तिची डाळ बोटचेपी झाली. तिने ती घोटली, लसूण, जिरं, सुक्या मिरचीची फोडणी दिली, आणि मग गूळ, आमसूल घातलं. आंबट नेहमी डाळ शिजल्यावरच घालायचं, हे ध्यानात ठेवा पोरींनो. आणि पोरांनो, तुम्हीही ठेवा, तुम्हालाही जेवायचं असतंच की!

आचाऱ्याची चूल मात्र अजून धडधडत होती. लाकडं तिप्पट गेली होती. प्रधानाला घाम फुटला. "शिजली, शिजली!" तो ओरडला.

"मग खा," राजा म्हणाला.

प्रधानाने घास घेतला. कट्‌! आवाज साऱ्या गावाने ऐकला. बिचाऱ्याने कसाबसा घास गिळला, मान खाली घातली आणि म्हणाला, "महाराज, नाही शिजली. मी चुकलो." तेवढा प्रामाणिकपणा त्याच्यात होता बरं का.

राजाने आजीच्या आमटीबरोबर दोन भाकऱ्या चापल्या. हात धुता धुता त्याने विचारलं, "आजी, एवढ्या जाणत्या लोकांना जे कळलं नाही, ते तुला कसं कळलं?"

"त्यांनी पाणी पाहिलं, महाराज, चाखलं. त्या पाण्यावर संसार मला करायचा होता. म्हणून मी घागर घरी नेली."

पौर्णिमेला खांब झऱ्याकाठी रोवला गेला आणि साठही घरांच्या चुली तिथे पेटल्या. राजाने हुकूम काढला, की यापुढे नवं गाव वसवताना तिथल्या बायांनी आधी तिथल्या पाण्यात डाळ शिजवावी, पहिला घास प्रधानाने खावा, आणि बाया हो म्हणाल्या तरच खांब रोवावा.

ध्यानात ठेवा: ज्याच्याबरोबर रोज जगायचं, त्याची पारख रोजच्या कामात करून घ्यावी.