उणेगावची पुरी होडी

निमे, पाय आखड गं, माझ्या कमरेत खुपसतेस. हां. तर काय झालं एकदा, एका मोठ्ठ्या तळ्याच्या काठी एक गाव होतं, उणेगाव. आता तिथं कुठल्या एसटीनं जायचं ते विचारू नका. माझी आई ही गोष्ट सांगायची तेव्हा तिलाही ठाऊक नव्हतं.

त्या गावचा पंथच निराळा, बरं का. उणापंथ म्हणायचे त्याला. त्यांचं एकच म्हणणं, 'पुरं झालं, ते गेलं.' म्हणून कुठलीच वस्तू पुरी करायची नाही. कणभर उणी ठेवायची. घर बांधलं की एक कौल कमी. सदरा शिवला की एक गुंडी कमी. आमटीत मीठ कमी, आणि पाहुण्यानं नाक मुरडायचं नाही!

हसताय काय, त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं. एका कुंभारानं हौसेनं माठ पुरा केला. मग काय, माठ चाकावरून उतरला आणि गडगडत वेशीबाहेर गेला. मग एका सुनेनं कढीत मीठ बरोब्बर घातलं. कढी उतू गेली, उंबरा ओलांडून गल्लीतून वाहत सुटली, आणि सासूबाई वाटी घेऊन मागे! मग एकानं घराचं शेवटचं कौल बसवलं. अख्खं घर उठलं आणि चालू लागलं, झोपाळ्यावरच्या म्हाताऱ्यासकट. म्हातारा आपला सुपारी कातरतोय. पुढच्या गावात गेल्यावर त्याला कळलं.

तर त्या गावात भिवरा नावाची सुतारीण होती. नवरा वारलेला, पदरात एकच लेक, तानी. भिवरा होड्या करायची, पण शेवटचा खिळा ठोकायची नाही. म्हणून सगळ्या होड्या काठालाच बांधलेल्या. पोरांनी आत बसायचं आणि वल्ही मारल्याचं सोंग करायचं.

आणि एके वर्षी तानीला ताप भरला. काढा झाला, लेप झाला, अंगारा झाला. उतरेचना. पोरीनं डोळे फिरवले. पलीकडच्या काठावर एक वैदीण होती, तिच्याकडे या तापावरची मुळी होती. पण काठाकाठानं चालत गेलं तर महिना लागणार, आणि तानीच्या हातात दोन दिवससुद्धा नव्हते.

मग भिवरानं एक होडी पाण्यात ढकलली. तानीला गोधडीत गुंडाळून आत निजवलं. होडीचं नाक वैदिणीच्या काठाकडे केलं आणि हातोडी घेतली.

तेवढ्यात पंथाचे म्हातारे गुरू उणोबा काठी टेकत आले. म्हणाले, "भिवरे, खिळा बसला की होडी जाईल. गेलेलं परत आलेलं कुणी पाहिलंय का? लेक पुन्हा दिसायची नाही तुला."

"नाही दिसली तर नाही दिसली, बाबा," भिवरा म्हणाली. "माझ्या मांडीवर मरण्यापेक्षा कुठंतरी जगू दे."

खिळा ठोकायचा होता बाहेरून, त्यामुळे तिला आत बसता येईना. तानी ग्लानीत म्हणाली, "आई, तूपण ये ना."

"तू हो पुढं, बाळा," असं म्हणून भिवरानं खिळा ठोकला. होडी सरसर निघाली. भिवरा गळ्याइतक्या पाण्यात धावली, पण होडीची कड काही हाताला लागली नाही.

माझी आई इथंच थांबायची. आम्ही भावंडं रुसायचो, तिच्या पदराला लोंबकळायचो. ती म्हणायची, "पुढचं मोठी झालीस की." मग सोळाव्या वर्षी माझं लग्न झालं. सासरच्या गाडीत बसले, बैल जुंपलेले, आणि आईनं कानाशी येऊन पुढची गोष्ट भराभरा सांगितली. तिच्या हाताला हळदीचा वास येत होता. इतकी वर्षं झाली, अजून आई आठवली की रडू येतं बघा मला.

ऐका आता. होडी थेट वैदिणीच्या काठाला लागली. वैदिणीनं मुळी उगाळून दिली. तानी बरी झाली आणि घरी जायचं म्हणाली. पण होडी हलेल तर शपथ! वल्ही मारली, हलेना. शीड लावलं, हलेना. वैदिणीच्या दोन म्हशी जुंपल्या, त्या चिखलात लोळल्या, होडी जागची हलेना. तानी बसली रडत. पण सुतारणीची लेक ती! तिनं डोळे पुसले आणि चिमट्यानं शेवटचा खिळा उपटून काढला. होडीचं नाक घराकडे फिरवलं, स्वतः आत बसली आणि वैदिणीला म्हणाली, "आजी, आता तुम्ही ठोका."

म्हातारीनं एकच घाव घातला. होडी पुन्हा पुरी झाली आणि निघाली की सरसर!

इकडे भिवरा रोज दोघींच्या भाकऱ्या थापून काठावर बसायची. लोक म्हणायचे, बाईला वेड लागलं. त्या दिवशी होडी काठाला लागली, तानीनं उडी मारली. भिवरानं तिला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाली, "आलीस होय गं? हात धू आधी, भाकरी निवतेय." आणि मग तिला पोटाशी धरून अशी रडली, अशी रडली की उणोबांनाही हुंदका फुटला.

मग मायलेकी सुखानं राहिल्या. वैदीण दर वर्षी माहेरी आल्यासारखी येऊन राहायची. झालं. निमे, झोपलीस वाटतं? मुकुंदा, तूही हो त्या कुशीला आणि मीट डोळे. मी आहे इथंच.