सात माशांचे घंगाळ

एका राज्यात शहाण्या माणसांना तोटा नव्हता, पण शहाणपण वापरण्याची कुणावर पाळीच येत नसे. कारण राजवाड्याच्या तळघरात तांब्याचे एक थोरले घंगाळ होते. त्यात काठोकाठ पाणी, पाण्यावर सात पितळी मासे आणि काठावर कोरलेली अक्षरे. कुणी प्रश्न केला की मासे गर्रकन फिरत, एकेका अक्षराला तोंड लावत आणि उत्तर जुळून येई. ते कधी खोटे ठरत नसे.

मासे वाचण्याचे काम वेणुमतीकडे होते. बावीस वर्षे ती ते करीत होती आणि बावीस वर्षांत तिचे कान किटले होते. पूर्वी लोक विचारीत, हरवलेली नाव कोणत्या किनाऱ्याला लागली? मग विचारू लागले, मुलगी कोणत्या घरी द्यावी? मग विचारू लागले, डोक्याला तेल आज लावावे की उद्या? इतके ऐकल्यावर स्वतःचे काही विचारावे अशी वासनाच तिला उरली नव्हती; तिने माशांना कधी एकही प्रश्न केला नव्हता.

राजा पुष्करसेन तर साऱ्यांवर कडी करी.

"वेणुमती, आंघोळीचे पाणी कढत झाले आहे का? मासे काय म्हणतात?"

"महाराज, हात घालून बघा."

"मासे काय म्हणतात?"

एके दिवशी राजाने निरोप धाडला, "आज उजवा जोडा आधी घालू की डावा?" तो प्रश्न कानी पडताच सातही मासे पोट वर करून निपचित पडले. आणि त्याच घटकेस, ज्याने ज्याने म्हणून घंगाळाला कधी प्रश्न केला होता, त्याचे पाय जमिनीला चिकटले. कुणी जिन्यात, कुणी शेतात, जो जिथे होता तिथेच रोवला गेला. जिभा मात्र मोकळ्या राहिल्या, हे वेणुमतीचे दुर्दैव. "आता काय करायचे, वेणुमती?" अशी चहूकडून हाक येई, आणि एकटी चालती-फिरती म्हणून ती तीन दिवस साऱ्यांना पाणी पाजीत हिंडत होती.

चौथ्या दिवशी खिडकीत एक धनेश पक्षी येऊन बसला.

"मी कपिला जादूगारणीचा. घंगाळ तिने घडवले, वाट चुकलेल्या दर्यावर्दींसाठी. या राजाच्या पणज्याने ते चोरले, म्हणून तिचा हा शाप आहे: क्षुल्लक प्रश्नांनी मासे थकले की विचारणारे रोवले जातील."

"उःशाप?"

"तिघांनी कुणालाही न विचारता तीन निर्णय घ्यायचे. एक जिभेचा, एक काळजाचा, एक राज्याचा. जो ठरवील तो सुटेल, आणि तिसरा झाला की सारे सुटतील."

वेणुमती म्हणाली, "तिघांनी? या वाड्यात? त्यापेक्षा सात समुद्रांपलीकडून काही आणायला सांग."

"ते सोपे झाले असते," धनेश म्हणाला. "आणि त्वरा कर. डोंगरात पाऊस कोसळतो आहे. संध्याकाळपर्यंत तलावाचा बांध फुटेल."

ती तडक मुदपाकखान्यात गेली. मल्हणा आचारी चुलीपाशी रोवलेला होता. एका हातात दुधी, दुसऱ्या हातात पडवळ.

"दुधी करू की पडवळ?" त्याने विचारले.

"तुला काय आवडते?"

मल्हणा गोंधळला. हे त्याला आजवर कुणी विचारले नव्हते. "मला... कारले आवडते."

"मग कारले कर."

"पण कडू असते. महाराजांना चालेल का?"

"मल्हणा!"

"करतो," तो दचकून म्हणाला. मग त्याचा आवाज जरा चढला. "चिंच-गूळ घालून करतो. आणि झणझणीत करतो." जमिनीने त्याचे पाय सोडले.

राजमाता हेमावती देवघराच्या दारात उभी होती. तिच्या लेकीने घरच्यांना न जुमानता एका वीणावादकाशी लग्न केले, त्याला अकरा वर्षे झाली होती. पत्र लिहू का, असे ती दरमहा विचारी आणि मासे दरमहा सांगत, "लिहिलेस तर ती रडेल." मग पत्र राही.

"बाईसाहेब, ती रडेल हे खरेच," वेणुमती म्हणाली. "पण रडू द्या की! अकरा वर्षे मी ते एकच उत्तर वाचते आहे."

"आणि तिने पत्र फाडून टाकले तर?"

"तर फाडील."

"तू फार उद्धट झाली आहेस."

"बावीस वर्षे झाली, बाईसाहेब."

राजमातेने पदर खोचला. मग म्हणाली, "दौत आण. नाही, राहू दे. माझी मी आणते." आणि पाऊल उचलून ती चालू लागली.

राजा पलंगापाशी अवघडून उभा होता. तेवढ्यात धनेश बांधावरून परतला, भिजून चिंब.

"बांधाच्या रखवालदाराचे दोन्ही हात दरवाजांच्या दोन चाकांवर आहेत. पश्चिमेचा दरवाजा उघडला तर पाणी विणकरांच्या वस्तीत शिरेल. पूर्वेचा उघडला तर या वाड्याच्या तळघरात. खजिना जाईल आणि घंगाळही."

राजाचा चेहरा उतरला. "घंगाळ गेले तर पुढे कुणाला विचारायचे? वस्तीत माणसे किती?"

"नऊशे. साऱ्यांचे पाय रोवलेले."

"वेणुमती, तू सांग."

उत्तर तिच्या ओठांशी आले होते. ते बोलून टाकावे आणि मोकळे व्हावे, असे तिला फार वाटले. पण मग तो निर्णय तिचा झाला असता, आणि नऊशे माणसे तशीच रोवलेली राहिली असती. तिने ओठ दाताखाली धरला.

"मी नाही सांगणार."

"मी चुकलो तर?"

"तर चुकाल, महाराज! माणसे चुकतात. पण उभे राहून बघत बसू नका!"

 राजाने खिडकीतून विणकरांची कौले पाहिली, मग डोळे मिटले.

"पूर्वेचा," तो पुटपुटला.

"मोठ्याने."

"पूर्वेचा दरवाजा उघडा! ही माझी आज्ञा आहे."

धनेश उडाला. थोड्याच वेळात पाणी गर्जत आले. पण त्याआधीच साऱ्या राज्याचे पाय सुटले होते. मल्हणा कारल्याचे पातेले डोक्यावर घेऊन गच्चीकडे धावला, त्याच्यामागे राजमाता पत्र छातीशी धरून. वेणुमतीने जिन्यावरून पाहिले, तळघरातून सात मासे खवले झळकवीत वर आले. आता ते पितळी नव्हते. पाण्याबरोबर ते नदीकडे निघून गेले आणि घंगाळ गाळात कायमचे बुडाले.

पाणी ओसरल्यावर राजाने स्वतः फावडे घेतले. लोक हळूहळू आपापले ठरवू लागले. चुकले, भांडले, सुधारले आणि सुखाने नांदले.

एक दिवस राजा वेणुमतीला म्हणाला, "तुझे काम आता राहिले नाही. तुला काय हवे?"

वेणुमतीने तोंड उघडले, आणि आपल्याला ते ठाऊक नाही हे तिच्या ध्यानात आले. बावीस वर्षांत ती प्रथमच खळखळून हसली.

"चार दिवस द्या, महाराज. मला विचार करू द्या. आणि या चार दिवसांत मला कुणीही काहीही विचारू नये."

राजाने तत्काळ दवंडी पिटवली.