दुभाष्याची लाज

“…पण मर्यादा राखणं हे पाप कसं होईल, आईसा?”

“पाप म्हणालं कोण?”

“कुणी नाही. मी आपलं विचारतो.”

“इतक्या लांबून आलास, आणि आपलं विचारतोस?”

सारंगधर येळणे पिशवीचा बंद चाळवत राहिला.

अचलपूरच्या बाजूला, एका लहानशा गावाच्या कडेला महानुभावांचा मठ होता. आईसा तिथल्या सर्वांत वडील तपस्विनी. वय ऐंशीच्या पुढे. नजर अधू झालेली, कान मात्र शाबूत.

सारंगधराचे वडील पूर्व आफ्रिकेत साखर कारखान्यात केमिस्ट होते. त्याचं बालपण तिकडेच गेलं. स्वाहिली त्याला कुणी शिकवली नाही, पोरांबरोबर खेळता खेळताच ती तोंडात बसली. चौदाव्या वर्षी कुटुंब वऱ्हाडात परतलं, तेव्हा मराठी मात्र मोडकं होतं. ते आईसांनी याच ओसरीवर पोथी वाचायला लावून सरळ केलं.

पुढे भाषेवरच त्याचं पोट चाललं. युद्धातल्या गुन्ह्यांचे खटले चालवणाऱ्या एका आंतरराष्ट्रीय न्यायालयात तो एकवीस वर्षं दुभाषा होता. आता निवृत्त झाला होता. बायको जाऊन तीन वर्षं झालेली, मुलगी आपल्या संसारात. आल्या आल्या त्यानं दंडवत घातला होता आणि अनुसरण मागितलं होतं. म्हणजे घरदार सोडून दीक्षा घ्यायची, उरलेलं आयुष्य भिक्षा मागून काढायचं.

आईसांनी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. त्या तुरीच्या शेंगा सोलत राहिल्या.

“कुणाची मर्यादा राखलीस?” त्यांनी विचारलं.

“एका बाईची.”

“तिनं सांगितलं होतं का, राख म्हणून?”

“…नाही.”

“कोण ती?”

“नाव सांगता येत नाही. न्यायालयानंच ते झाकून ठेवलंय. बाजारात कापड विकायची. लढाई गावात शिरली तेव्हा तीन सैनिक तिच्या घरात घुसले. त्यांचा सेनापती आमच्याकडे आरोपी होता. ती त्याच्याविरुद्ध साक्षीला आली होती.”

“आणि तू?”

“मी काचेच्या खोलीत बसायचो. कानात तिचा आवाज यायचा, तो ऐकत ऐकत मी इंग्रजीत बोलायचो. न्यायाधीशांना तिची स्वाहिली कळत नाही. त्यांना ऐकू येतो तो मीच.”

“म्हणजे तिथं तिचं तोंड तू.”

“हो.” त्याची मान जराशी ताठ झाली. “एकवीस वर्षांत माझ्या भाषांतरावर एकदाही हरकत आली नाही, आईसा. लोक म्हणायचे, येळण्यांची भाषा ऐकावी. ओंगळ गोष्टसुद्धा त्यांच्या तोंडून सोज्वळ होऊन येते.”

आईसांचे हात थांबले.

“तिनं काय सांगितलं?”

“तिच्यावर… अतिप्रसंग झाला.”

“म्हणजे काय झालं?”

“आईसा, तुम्हाला कळतंय.”

“मला नाही कळत. पाहुण्यानं सलगी केली तरी लोक अतिप्रसंगच म्हणतात.”

“तिची अब्रू लुटली त्यांनी.”

“अब्रूचं नंतर बघू. तिच्या अंगाला काय केलं?”

सारंगधराची कानशिलं तापली. ज्या बाईनं आपल्याला बाराखडी गिरवायला लावली, तिच्यासमोर हे बोलायचं?

“इथं कसं सांगू? मठात? तुमच्यासमोर?”

“तिनं कुणासमोर सांगितलं?”

“न्यायाधीशांसमोर. वकील होते. पहारेकरी होते. आरोपी समोरच बसला होता.”

“त्यांत बाप्ये किती?”

“…जवळजवळ सगळेच.”

आईसांनी सूप बाजूला सारलं. चुलीकडे तोंड करून हाक मारली, “गिरजे! आणि तुम्ही दोघीही. जरा इथं येऊन बसा.”

गिरजाबाई गावातलीच, रोज मठात भाकरी थापायला यायची. पिठाचे हात पुसत ती आली. तिच्यामागून दोन तपस्विनी आल्या. तिघी ओसरीवर ओळीनं बसल्या. कशासाठी बोलावलंय ते त्यांना ठाऊक नव्हतं.

“सांग,” आईसा म्हणाल्या.

सारंगधर उठून जायला निघाला होता. पिशवी उचलली, मग ती परत ठेवून खाली बसला.

“ती घाबरलेली नव्हती,” तो खाली बघत बोलू लागला. “तेच मला… आईसा, मला वाटलं होतं ती रडेल, अडखळेल. मी त्या तयारीनं बसलो होतो. पण तिनं सरळ सांगितलं. गाय कशी व्यायली ते घरात सांगतात ना, तसं. कुठं, कसं, कुणी आधी, कुणी मागाहून. अवयवांची नावं घेऊन. माझ्या कानात ते येत होतं, आणि माझ्या तोंडून…”

“तुझ्या तोंडून काय आलं?”

“‘त्यांनी माझी मानखंडना केली.’”

धाकट्या तपस्विनीनं आईसांकडे पाहिलं.

“वकिलानं पुन्हा विचारलं, नेमकं काय केलं ते सांगा. तिला नवल वाटलं. तिनं पुन्हा सांगितलं. या खेपेला आवाज चढवून, हातानं दाखवून. मी म्हणालो, ‘परस्त्रीशी वागू नये तसे ते माझ्याशी वागले.’ वकिलानं तिसऱ्यांदा विचारलं. तेव्हा ती बोलायचीच थांबली. न्यायाधीशांकडे बघत राहिली. मग म्हणाली, ‘मी सांगितलंय.’”

“आणि तू?”

“तेवढं वाक्य मी जसंच्या तसं पोचवलं.”

“आता ते सांग,” आईसा म्हणाल्या. “तिनं सांगितलं तसं.”

त्यानं गिरजाबाईकडे पाहिलं. ती त्याच्याकडेच बघत होती, मास्तर पुढचं काय सांगतात अशा नजरेनं.

त्यानं सांगितलं.

“दोघांनी तिला जमिनीवर दाबून धरलं. तिसऱ्यानं तिच्यावर बलात्कार केला. मग त्यानं धरलं आणि दुसऱ्यानं केला. मग उरलेल्यानं. शेवटी त्यांनी बंदुकीची नळी तिच्या योनीत घातली. तिची सासू त्याच खोलीत होती.”

आवाज फुटका आला, पण आला. छप्पर कोसळलं नाही. तिघींपैकी एकही उठून गेली नाही, कुणी कान झाकले नाहीत. धाकट्या तपस्विनीनं डोळे मिटून घेतले होते.

गिरजाबाई जरा पुढे सरकली.

“तिनं असंच सांगतलं व्हतं का, दादा? सारं?”

“हो.”

“मंग त्या सायबाइनं त्या सेनापतीले काय केलं?”

“गाव जाळल्याची आणि लुटीची शिक्षा झाली. या गुन्ह्यातून तो सुटला.”

“कावून?”

सारंगधराला निकालपत्राचा तो परिच्छेद पाठ होता. झोपेतही त्याला तो म्हणून दाखवता आला असता.

“बलात्कार झाला हे ठरवायला कायद्याला नेमकी कृती लागते. शरीराला काय झालं ते. त्यांनी लिहिलं, साक्षीदारानं तीनदा विचारूनही नेमकं काय घडलं ते सांगितलं नाही.”

“पण तिनं तं सांगतलं!”

“हो.”

“मंग?”

“…मी सांगितलं नाही.”

गिरजाबाईनं त्याच्याकडे आणखी क्षणभर पाहिलं आणि नजर काढून घेतली. शिवी दिली असती तरी चाललं असतं, असं त्याला वाटलं.

“मला वाटलं, मी तिची लाज राखतोय,” तो पुटपुटला.

“कुणाची?” आईसांनी विचारलं.

सारंगधरानं ओसरीवरच्या शेणसारवणावरून बोट फिरवलं.

“माझी,” तो म्हणाला.

आईसांनी बायकांना जायची खूण केली. गिरजाबाई चुलीपाशी जाऊन बसली, पण भाकरी थापल्याचा आवाज काही बराच वेळ आला नाही.

“सगळं टाकतो, आईसा.” त्याचा आवाज आता भरून आला होता. “नाव, मान, पेन्शन. मला पदरात घ्या. दारोदार भिक्षा मागीन.”

“नाव टाकायला इथवर कशाला आलास? इथं तुझं नाव कुणाला ठाऊक आहे?”

सारंगधरानं डोळे पुसले.

“खटला संपला?” आईसांनी विचारलं.

“अपील चालू आहे. तिचा मूळ आवाज ध्वनिमुद्रित करून ठेवलेला आहे. कुणी काढून ऐकला तर कळेल. पण ऐकणार कशाला? यात चूक आहे हे माहीत फक्त मला.”

“फक्त तुला?”

“…तिलाही,” तो म्हणाला. “स्वतः काय बोलली ते तिला माहीत आहे.”

“मग कळव त्यांना.”

“इतकं सोपं नाही ते. एक चूक कबूल केली की माझं एकवीस वर्षांचं काम चाळणीला लावतील. ज्यांना शिक्षा झाल्यात ते दुष्ट लोक उठतील, म्हणतील आमचेही खटले पुन्हा चालवा. नुकसान कुणाचं होईल, सांगा. अशाच बायकांचं.”

हा मुद्दा त्यानं विमानात बसल्यापासून घोटून ठेवला होता, आणि तो खोटाही नव्हता.

आईसांनी नीट ऐकून घेतला.

“त्या एकवीस वर्षांत आणखी किती जणींची मर्यादा राखलीस?” त्यांनी विचारलं.

त्याला एक म्हातारी आठवली, एक शाळेतली मुलगी आठवली, आणि एक धिप्पाड पुरुष आठवला. छावणीत सैनिकांनी त्याच्यावर केलेला बलात्कार सांगताना तो पुरुष हसत होता, आणि सारंगधरानं ते ‘मारहाण’ म्हणून उरकलं होतं.

त्यानं पिशवीतून वही काढली.

“आधी मराठीत लिही,” आईसा म्हणाल्या. “मला वाचून दाखव. इंग्रजीत तू लपशील.”

त्यानं लिहिलं, वाचून दाखवलं. दोन ठिकाणी आईसांनी अडवलं. दोन्ही ठिकाणी शब्द गुळगुळीत होता. त्यानं तो खोडून खरा घातला. दिवेलागणीला तो अमरावतीला गेला, इंग्रजी केलं आणि पत्र पाठवून दिलं.

*

पुढच्या वर्षी, उन्हाळ्याच्या तोंडाला तो पुन्हा मठात आला. चालणं मंदावलं होतं. दंडवत घालून तो आईसांच्या समोर बसला. पाय न दुमडता, जमेल तसा.

“ऐकलं त्यांनी?” आईसांनी विचारलं.

“ऐकलं. आधी तिला निरोप गेला, पुन्हा साक्षीला येशील का. ती आली नाही. ‘मी सांगितलंय,’ एवढंच तिनं कळवलं. मग न्यायालयात तिचा जुना आवाज लावला. भाषांतराला एक नवी मुलगी होती, सव्वीस-सत्तावीस वर्षांची. मी मागे, लोक बसतात तिथं बसलो होतो.”

“ती कशी बोलली?”

“शब्दाला शब्द. एकदाही आवाज पडला नाही तिचा. न्यायाधीश लिहून घेत होते. मी एकटाच खाली बघत होतो, आईसा. अख्ख्या दालनात मी एकटा.”

“मग?”

“बलात्काराचा आरोप सिद्ध झाला. शिक्षा वाढली. माझं नाव दुभाष्यांच्या यादीतून काढलं. जुने सहा खटले तपासायला घेतलेत. त्यांतला एक कदाचित मोडेल.” तो थांबला. “जुन्या सहकाऱ्यांतलं कुणी फोन उचलत नाही. मुलीनं विचारलं, बाबा, पेपरात आलंय ते तुम्हीच का? मी हो म्हणालो.”

गिरजाबाईनं पाण्याचा तांब्या आणून ठेवला. त्यानं मान वर केली, पण तिच्याकडे त्याला अजूनही सरळ बघता येईना.

“या खेपेला अनुसरण मागायला नाही आलो,” तो म्हणाला. “ती लायकी नाही. एकच मागतो. मी केलं ते वाईट केलं, मागाहून जमेल तेवढं निस्तरलं. त्यातून मला क्षमा आहे का? तुम्ही हो म्हणा, नाही म्हणा. पण तुमच्या तोंडून एकदा ऐकू द्या.”

आईसांनी हात पुढे करून चाचपडत त्याचा खांदा शोधला. सापडल्यावर तो तसाच धरून ठेवला.

“मला का विचारतोस, सारंगा?” त्या म्हणाल्या. “तिची भाषा तुला येते.”